पडद्यावरची सासू आणि पडद्यामागच्या ललिताबाई

बीड, प्रतिनिधी –

सुनेचा छळ करणाऱ्या बाईचे वर्णन करायचे झाले, तर मराठवाड्यातील खेड्यात किंवा पुण्या-मुंबईच्या चाळीत फार विशेषणे खर्ची घालावी लागत नाहीत. ती अगदी ललिता पवार आहे, एवढे म्हटले की ऐकणाऱ्याला सारे उमजते. ज्यांनी या अभिनेत्रीचा एकही चित्रपट धडपणे पाहिलेला नाही, त्यांच्या तोंडीही हे नाव सहज येते. एखाद्या कलावंताच्या नावाचे सामान्यनाम व्हावे, हा तसा गौरवच. परंतु ज्या बाईच्या वाट्याला तो आला, तिने त्यासाठी मोजलेली किंमत फार थोड्यांना ठाऊक आहे.

चित्रपटांनी आणि दूरचित्रवाणीने वयस्क स्त्री कशी दाखविली, या प्रश्नाचा विचार ललिता पवार यांच्यापासूनच सुरू करावा लागतो. कारण हिंदी आणि मराठी पडद्यावरील म्हाताऱ्या बाईचा चेहरा घडविण्यात त्यांचा वाटा मोठा आहे, आणि तो चेहरा त्यांना वयाच्या चौतिशीतच धारण करावा लागला होता.

येवल्याची अंबा

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवला येथे झाला. पैठणीच्या मागांसाठी प्रसिद्ध असलेल्या या गावात त्यांचे वडील लक्ष्मणराव सगुण रेशमी आणि सुती कापडाचा व्यापार करीत. घर खाऊनपिऊन सुखी होते. मुलीचे नाव अंबा ठेवण्यात आले. अंबाजोगाईच्या योगेश्वरीला माहेरपणाच्या मायेने अंबा म्हणून हाक मारणाऱ्या आमच्या भागातील वाचकांना हे नाव परके वाटणार नाही.

मुलींनी चित्रपटात काम करणे म्हणजे कुळाला बट्टा, अशी समजूत असण्याचा तो काळ होता. अनेक चित्रपटांत स्त्रीभूमिकाही पुरुषच करीत, हे चित्र नुकते कुठे पालटू लागले होते. अशा वेळी पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीत, नानासाहेब सरपोतदार यांच्या हाताखाली, या मुलीने कॅमेऱ्यापुढे पाऊल टाकले. १९२८ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटात ती बालकलाकार म्हणून दिसली. मूकपटांच्या दिवसांत ती ‘अंबू’ या नावाने ओळखली जाई. ललिता हे नाव नंतरचे.

विशीच्या आतच ती नायिका झाली, आणि नायिकाही कशी, तर घोड्यावर मांड ठोकणारी, तलवार फिरविणारी. १९३१ सालचा ‘दिलेर जिगर’ हा ग. प. पवार यांनी दिग्दर्शित केलेला मूकपट सुदैवाने काळाच्या तावडीतून वाचला आहे. त्यातील चपळ, मुखवटा चढवून अन्यायाशी झुंजणारी तरुणी पाहिली, की हीच पुढे ‘रामायण’ मालिकेतील कुबडी मंथरा झाली, यावर विश्वास बसत नाही. या पवारांशीच पुढे त्यांचा विवाह झाला आणि त्या ललिता पवार झाल्या. हा विवाह टिकला नाही. नंतर निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी त्यांनी संसार केला; पवार हे आडनाव मात्र रसिकांच्या ओठी कायमचे बसले होते.

केवळ नायिका होऊन त्या थांबल्या नाहीत. १९३२ च्या ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा सहभाग होता. १९३८ मध्ये त्यांनी टॉलस्टॉय यांच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेला ‘दुनिया क्या है’ हा बोलपट काढला. पार्श्वगायनाची पद्धत रूढ होण्यापूर्वीच्या बोलपटांत त्या स्वतः गायल्या. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९), वि. स. खांडेकरांच्या कथेवरील मास्टर विनायकांचा ‘अमृत’ (१९४१) अशा मराठी चित्रपटांनी त्यांना प्रतिष्ठा मिळवून दिली. पंचविशी गाठताना त्या एक स्थिरावलेल्या नायिका, गायिका आणि निर्मात्या होत्या. पुढची पंधरा वर्षे अशीच जातील, असे मानायला हरकत नव्हती.

एका थपडेने पालटलेले आयुष्य

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाचे चित्रीकरण सुरू होते. एका प्रसंगात सहकलाकार भगवान यांनी ललिताबाईंच्या थोबाडीत मारायची होती. हेच कलावंत पुढे भगवानदादा म्हणून अवघ्या देशाला परिचित झाले. मारण्याचा अंदाज चुकला आणि तडाखा प्रत्यक्षातच जोराचा बसला. ललिताबाईंच्या चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची शीर दुखावली. उपचार दीर्घकाळ चालले. चेहरा बराचसा सावरला, डावा डोळा मात्र कायमचा बारीक राहिला.

त्या वेळी त्यांचे वय २६ वर्षांचे होते. नायिकेचा चेहरा हेच जिचे भांडवल मानले जाते, अशा धंद्यात हा अपघात म्हणजे कारकिर्दीचा शेवटच ठरला असता. अनेकींनी निमूटपणे घर गाठले असते. ललिताबाईंनी आरशात पाहून वेगळा हिशेब मांडला. नायिकेच्या भूमिका आता येणार नव्हत्या. तेव्हा ज्या भूमिकांना सौंदर्याची अट नाही, त्या आपल्याशा करायच्या, असा त्यांचा निश्चय झाला असावा. कारण त्यानंतरची त्यांची वाटचाल एखाद्याने नकाशा काढून करावी तशी नेमकी आहे.

१९४४ मध्ये प्रभातचा ‘रामशास्त्री’ आला. त्यात त्यांनी आनंदीबाई साकारली. नारायणराव पेशव्यांच्या खुनाच्या कटात ‘ध’ चा ‘मा’ केल्याचा ठपका लोकस्मृतीने जिच्या माथी कायमचा मारला, ती ही राघोबादादांची पत्नी. रामशास्त्री प्रभुण्यांच्या करारी न्यायनिष्ठेसमोर तितकीच करारी महत्त्वाकांक्षा उभी करणे आवश्यक होते. ते काम या २८ वर्षांच्या अभिनेत्रीने चोख बजावले. बारीक झालेला डोळा आता उणीव राहिला नव्हता. कॅमेरा जवळ आला, की त्या डोळ्याच्या एका आकुंचनाने संशय, मत्सर, हिशेबीपणा असे सारे काही व्यक्त होऊ लागले.

चौतिसाव्या वर्षी सासू

खऱ्या अर्थाने सासू म्हणून त्यांच्या नावाचा शिक्का पडला तो १९५० मध्ये. व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’ या चित्रपटात हुंड्यासाठी सुनेचा जीव नकोसा करणारी सासू त्यांनी रंगविली. हुंडाबंदीचा कायदा १९६१ मध्ये झाला; त्याच्या ११ वर्षे आधी आलेल्या या चित्रपटाने प्रेक्षकांना हेलावून सोडले. प्रेक्षकांनी सुनेसाठी अश्रू ढाळले आणि सासूच्या नावाने बोटे मोडली. अभिनयाला याहून मोठी पावती नसते.

येथे वयाचा हिशेब करण्यासारखा आहे. ‘दहेज’ झळकला तेव्हा ललिताबाई ३४ वर्षांच्या होत्या. १९५२ च्या ‘दाग’मध्ये त्या दिलीपकुमार यांच्या आई झाल्या. दिलीपकुमार त्यांच्यापेक्षा अवघ्या सहा वर्षांनी लहान होते. राज कपूर आठ वर्षांनी लहान. ‘जंगली’ (१९६१) चित्रपटात ज्यांच्या आईची भूमिका त्यांनी केली, ते शम्मी कपूर १५ वर्षांनी लहान. हे नायक पुढे अनेक वर्षे कॉलेजकुमार बनून बागांतून गाणी गात राहिले. स्त्रीला मात्र तिशी ओलांडताच केसांना पांढरा रंग फासावा लागे.

हे केवळ ललिताबाईंचेच झाले असे नाही. ‘कंगन’ (१९३९) आणि ‘बंधन’ (१९४०) या चित्रपटांची गाजलेली नायिका लीला चिटणीस १९५१ च्या ‘आवारा’मध्ये नायकाची दुःखी आई झाली. ‘अयोध्येचा राजा’मधील (१९३२) तारामती म्हणजे दुर्गा खोटे ‘मुगल-ए-आझम’मध्ये (१९६०) राजमाता जोधाबाई झाल्या. पण या दोघींच्या वाट्याला आलेल्या आया वंदनीय होत्या. पडद्याने वयस्क स्त्रीसाठी दोनच खोल्या बांधून ठेवल्या होत्या. एकीत देवघरासमोर डोळे पुसणारी आई, दुसरीत कमरेला किल्ल्यांचा जुडगा लावून डाफरणारी सासू. ललिताबाईंना दुसरी खोली मिळाली. तिला त्यांनी खिडक्या पाडल्या, हे त्यांचे कर्तृत्व.

खाष्टपणाच्या आतली माणसे

‘श्री ४२०’ (१९५५) मधील फुटपाथवर केळी विकणारी गंगामाई आठवावी. तोंडाने फटकळ, मनाने उदार. मुंबईत नव्याने आलेल्या भणंगाला माया लावणारी ही बाई कोणाची सासू नाही की कोणत्या घराची मालकीण नाही. ती स्वतःच्या कष्टावर जगणारी शहरातील कामकरी स्त्री आहे.

त्याच वर्षी गुरुदत्त यांच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ मध्ये त्यांनी स्त्रीहक्कांसाठी झटणारी, पुरुषांविषयी अविश्वास बाळगणारी आत्या सीतादेवी उभी केली. हिंदू विवाह कायद्याने घटस्फोटाची तरतूद केली ते हेच वर्ष. घटस्फोटाची बाजू मांडणाऱ्या प्रौढ स्त्रीला या चित्रपटाने विनोदाचा विषय केले, हे आज खटकते. तरीही ललिताबाईंच्या सीतादेवीला स्वतःची मते आहेत, ती सभेत बोलते, वर्तमानपत्रे तिची दखल घेतात. त्या काळच्या पडद्यावर असे वागणाऱ्या प्रौढ स्त्रिया हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच होत्या.

त्यांच्या कारकिर्दीचा कळस मानला जातो तो हृषीकेश मुखर्जी यांचा ‘अनाडी’ (१९५९). त्यातील मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण भाडेकरूवर सतत आरडाओरडा करते आणि दुसऱ्या हाताने त्याच्या पोटापाण्याची काळजी वाहते. अखेर भेसळयुक्त औषधाने तिचा बळी जातो, आणि चित्रपटाचे सारे नैतिक ओझे या म्हाताऱ्या बाईच्या मृत्यूवर येऊन ठेपते. या भूमिकेसाठी ललिताबाईंना सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा सन्मान केला.

परंतु आपल्या विषयाच्या दृष्टीने सर्वांत लक्षणीय भूमिका म्हणजे ‘प्रोफेसर’ (१९६२) मधील सीतादेवी. घरातील मुलांना शिकविण्यासाठी वयाने पन्नाशी उलटलेलाच शिक्षक हवा, असा या कडक पालनकर्तीचा हट्ट. गरजू नायक म्हाताऱ्याचे सोंग घेऊन येतो आणि ही प्रौढ, एकाकी स्त्री त्या खोट्या म्हाताऱ्यावर भाळते. प्रेक्षागृहात हशा पिकतो. पण ललिताबाईंचा अभिनय नीट पाहिला, तर हशा ओसरल्यावर घशात काहीतरी अडकते. आपल्या साजशृंगाराकडे पुन्हा लक्ष देऊ लागलेली ही बाई एकाएकी लाजते, तेव्हा वर्षानुवर्षांच्या करड्या शिस्तीखाली काय दडपले गेले होते, ते दिसते. वयस्क स्त्रीलाही सोबतीची ओढ असू शकते, ही गोष्ट हिंदी चित्रपटाने त्या काळी विनोदाच्या आडूनच मान्य केली. ललिताबाईंनी तिला लाज वाटू दिली नाही.

‘सुजाता’ (१९५९) मधील जातिभेद मानणारी कर्मठ वृद्धा, ‘हम दोनो’ (१९६१) मधील मेजरची आई, ‘आनंद’ (१९७१) मधील शिस्तप्रिय मेट्रन डिसा अशी ही नामावली वाढविता येईल. सुमारे सात दशकांच्या कारकिर्दीत त्यांच्या नावावर सातशेहून अधिक चित्रपट सांगितले जातात. त्यातील अनेक चित्रपट एकाच साच्याचे होते, हे खरे. पोटासाठी आलेले काम नाकारण्याची चैन चरित्र अभिनेत्रींना परवडत नसे.

घराघरांत पोहोचलेली मंथरा

२५ जानेवारी १९८७ रोजी दूरदर्शनवर रामानंद सागर यांचे ‘रामायण’ सुरू झाले. रविवारी सकाळी रस्ते ओस पडत. ज्या गावांत एखादाच दूरचित्रवाणी संच होता, तेथे ओसरीवर सारी आळी जमे. मंथरा झालेल्या ललिताबाईंनी तेव्हा सत्तरी गाठली होती. याआधी ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) या चित्रपटातही त्यांनी मंथरेची भूमिका केली होती.

मंथरा वाईट आहे, हे दाखविणे सोपे होते. ललिताबाईंनी तिचे कैकेयीवरील वेडे प्रेमही दाखविले. जिच्या अंगाखांद्यावर वाढलेली मुलगी राणी झाली आणि जिला स्वतःचे म्हणून दुसरे काहीच नाही, अशा दासीची भीती त्यांच्या नजरेत होती. राम वनवासाला जातो तो या म्हातारीच्या शब्दांमुळे. तिच्यावाचून कथाच पुढे सरकत नाही. वृद्ध स्त्रीला कथानकाच्या कडेला बसविण्याची सवय असलेल्या पडद्यावर ही गोष्ट लहान नव्हती. २०२० मध्ये टाळेबंदीच्या दिवसांत ही मालिका पुन्हा दाखविण्यात आली, तेव्हा त्यांच्या निधनानंतर जन्मलेल्या पिढीनेही हा डोळा पाहिला आणि दचकली.

अखेरचे दिवस त्यांनी पुण्यात औंध येथे काढले. जबड्याच्या कर्करोगाने त्यांना ग्रासले होते. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्यांचे निधन झाले. त्या वेळी घरात त्या एकट्याच होत्या आणि मृत्यूची वार्ता बाहेर समजण्यास काही दिवस लागले. पडद्यावर भरल्या घरावर हुकमत गाजविणाऱ्या बाईचा शेवट असा एकांतात व्हावा, यात दैवदुर्विलास शोधण्याचा मोह होतो. पण वृद्धापकाळी एकट्याने दिवस काढणाऱ्या शहरातील असंख्य स्त्रियांचे तेच वास्तव आहे, आणि त्या वास्तवाकडे तोवर पडद्याने फारसे पाहिलेच नव्हते.

खोल्यांच्या भिंती

ललिताबाईंच्या पश्चात काय बदलले? १९९१ च्या ‘माहेरची साडी’ने गर्दीचे उच्चांक गाठले, तेव्हा उषा नाडकर्णी यांची सासू त्याच जुन्या खोलीतली होती. पुढे खासगी वाहिन्या आल्या. २००१ मध्ये सुरू झालेली ‘चार दिवस सासूचे’ ही मालिका दशकभराहून अधिक काळ चालली. तिच्या केंद्रस्थानी रोहिणी हट्टंगडी यांची आशालता देशमुख होती. सासू आता कथेची नायिका झाली, तरी तिचे जग घर, सुना आणि वारसा यांच्यापलीकडे क्वचितच गेले.

याच रोहिणीताईंनी १९८४ च्या ‘सारांश’मध्ये मुलगा गमावलेली वृद्ध आई साकारली होती, तेव्हा त्या ३३ वर्षांच्या होत्या. ‘दहेज’मधील ललिताबाईंच्या वयापेक्षा हे फारसे वेगळे नाही. मात्र २०२३ मध्ये आलेल्या ‘बाईपण भारी देवा’मध्ये त्याच अभिनेत्रीने वयाच्या बहात्तराव्या वर्षी सहा बहिणींमधील एक बहीण उभी केली. मंगळागौरीच्या स्पर्धेच्या निमित्ताने एकत्र येणाऱ्या या बायकांना रुसवे, आजारपणे, राहून गेलेल्या हौशी आहेत. राज्यभरातून महिलांचे गट नटूनथटून हा चित्रपट पाहायला गेले. त्यापूर्वी २०१९ मध्ये सुरू झालेल्या ‘अग्गंबाई सासूबाई’ मालिकेत निवेदिता सराफ यांच्या विधवा सासूचे लग्न चक्क सुनेच्या पुढाकाराने झाले आणि प्रेक्षकांनी ते आनंदाने पाहिले. ‘प्रोफेसर’मधील सीतादेवीवर जो प्रेक्षक हसला होता, त्याच्याच नातवंडांनी आसावरीच्या लग्नात मनोमन अक्षता टाकल्या.

हा बदल मोठा आहे, तरी तो मध्यमवर्गीय दिवाणखान्यापुरता आहे. बीड जिल्ह्यात दरवर्षी दसरा-दिवाळीनंतर वाड्या-वस्त्या रिकाम्या होतात. लाखो ऊसतोड मजूर पश्चिम महाराष्ट्रातील आणि कर्नाटकातील साखर कारखान्यांची वाट धरतात. मागे राहतात त्या म्हाताऱ्या. कारखान्यांचा हंगाम संपेपर्यंत नातवंडांना जेवू घालणे, शाळेत धाडणे, दारची जनावरे सांभाळणे हे सारे त्यांच्यावर असते. यातील कित्येकींनी स्वतः उमेदीची वर्षे उसाच्या फडात घालविली आहेत. या सासूच्या कमरेला किल्ल्यांचा जुडगा नाही; कुलूप लावावे असे घरात काही असतेच असे नाही. लेक-सून परतेपर्यंत घर उभे ठेवणारी ही बाई पडद्यावर क्वचितच दिसते.

ती साकारायला ललिताबाई आज असत्या, तर चेहऱ्यावरील सुरकुत्या रंगवाव्या लागल्या नसत्या, आणि केळी विकणारी गंगामाई ज्यांनी उभी केली त्यांना कष्टकरी बाईची चाल शिकवावी लागली नसती. पडद्याने त्यांना वेळेआधी म्हातारे केले आणि त्यांनी त्या म्हातारपणात माणूस भरला. पुढच्या वेळी घरात कोणाला ललिता पवार म्हणून हिणविण्याचा प्रसंग आला, तर ज्यांचे हे नाव आहे त्या येवल्याच्या अंबाने एका डोळ्यानिशी पन्नासहून अधिक वर्षे काय काय उभे केले, एवढे तरी आठवावे.